जुने खेळ आणि नवा कारभारी

मंडळी, पुण्याच्या पेशवे दफ्तराचे नाव आपण ऐकलेच असेल. तेथे मोडी लिपीतल्या कागदांचे रुमालच्या रुमाल बांधून ठेवलेले आहेत. कागद टिकलेला, शाई टिकलेली. पण शाळेत बाळबोध लिपी शिकलेल्या माणसापुढे तो कागद उलगडला, तर त्याला एक ओळ लागत नाही. मजकूर शाबूत आहे; वाचणारा हाताशी नाही. मोडीचा जाणकार मिळाला, की तोच दोनशे वर्षांपूर्वीचा कागद बोलू लागतो.

तुम्ही म्हणाल, बोलायचे आहे संगणकावरच्या खेळांबद्दल, मग हे मोडीचे काय काढले? कारण असे, की दोन्हीकडे दुखणे एकच आहे. मोडी कागदावर ही वेळ यायला काही पिढ्या जाव्या लागल्या. संगणकाच्या खेळावर ती वीस-पंचवीस वर्षांतच येते. कपाटातून जुनी तबकडी काढावी, ती नव्या संगणकात घालावी, आणि संगणकाने म्हणावे, "हे मला चालवता येत नाही." तबकडीला ओरखडा नाही, खेळाचे एक अक्षर पुसलेले नाही. मग अडते कुठे? आणि ज्यांनी हे खेळ पुन्हा चालते केले, त्यांनी ते कसे केले? त्याची हकिकत आज सांगायची आहे.

आधी खेळ म्हणजे काय ते पाहू. संगणकाचा खेळ म्हणजे आज्ञांची एक लांबलचक यादी. ही आज्ञावली वाचून हिशोब करणारा भाग तो प्रोसेसर. पण प्रोसेसर, पडदा, आवाज, स्मृती या सगळ्यांवर देखरेख करायला एक कारभारी लागतो. त्याला ऑपरेटिंग सिस्टिम म्हणतात. मोठ्या वाड्यात कोणाला काय हवे-नको ते कारभाऱ्याच्या हातून होते ना, तसेच हे. खेळ कोणत्या कारभाऱ्याच्या काळात लिहिला गेला, त्यावर त्याच्या सवयी ठरतात.

१९८१ साली आयबीएम कंपनीने आपला पर्सनल कॉम्प्युटर बाजारात आणला. त्याचा प्रोसेसर सेकंदाला सुमारे ४७ लाख ७० हजार ठोके देई. हा आकडा ऐकायला मोठा वाटतो, पण आजच्या साध्या मोबाइलपुढे तो काहीच नाही. या यंत्रावरचा कारभारी म्हणजे डॉस. त्याच्या राज्यात आज्ञावलीला एरवी ६४० किलोबाइट एवढीच स्मृती मिळे. आज मोबाइलवर काढलेला एक फोटोही बहुधा याहून मोठा असतो. एवढ्याशा जागेत माणसांनी नगरे वसवली, राजवाडे उभे केले!

डॉसचा कारभार मोठा सैल होता. खेळ सुरू झाला, की कारभारी ओट्यावर जाऊन बसे आणि सगळा वाडा खेळाच्या ताब्यात जाई. खेळ स्वतःच पडद्यावर रंग भरी, स्वतःच आवाजाच्या यंत्राशी बोले. यंत्रे मंद होती, म्हणून वेळ वाचवायला खेळ लिहिणारे असे आडवाटेने जात. त्या काळी ते योग्यच होते. पण पुढच्या अडचणींचे मूळ येथेच आहे.

पहिली अडचण वेगाची. ग्रामोफोनवर ३३ फेऱ्यांची तबकडी चुकून ७८ फेऱ्यांवर लावली तर काय होते? गवई बुवांचा खर्ज जाऊन चिमण्यांचा चिवचिवाट सुरू होतो. पुष्कळ जुने खेळ यंत्राच्या ठोक्यांवरच आपला वेळ मोजत. यंत्र दुप्पट वेगाचे आले, की खेळातला माणूस दुप्पट वेगाने धावे. दहापट वेगाचे आले, की खेळणाऱ्याने बोट उचलण्याआधी डाव संपे. म्हणून त्या काळच्या अनेक संगणकांवर 'टर्बो' नावाचे बटण असे. नाव वेगाचे, पण त्याचा मोठा उपयोग वेग कमी करण्यासाठी होई, म्हणजे जुनी आज्ञावली आपल्या चालीने चालावी.

याच वेगाचे आणखी एक उदाहरण सांगतो. गणित शिकवणाऱ्या गुरुजींनी ते जरूर वर्गात सांगावे. टर्बो पास्कल नावाच्या साधनाने अनेकांनी आज्ञावल्या लिहिल्या. अशा पुष्कळ आज्ञावल्या सुरू होतानाच यंत्राचा वेग अजमावत. घड्याळाच्या एका टोल्यात, म्हणजे सुमारे ५५ सहस्रांश सेकंदात, एक मोकळा हिशोब किती वेळा होतो ते मोजायचे, आणि त्या संख्येला ५५ ने भागायचे. उत्तर ठेवायला जी जागा केली होती, तिच्यात ६५,५३५ पर्यंतचीच संख्या मावे. नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात यंत्रे इतकी वेगवान झाली, की भागाकाराचे उत्तर त्या जागेत मावेना. मग आज्ञावली 'चूक क्रमांक २००, शून्याने भागाकार' असे म्हणून बंद पडे. आता गंमत पाहा. तेथे शून्य कुठेच नव्हते! भाजक ५५ च होता. मापटे लहान होते आणि धान्य जास्त झाले, एवढाच प्रकार. ज्याने आज्ञावली लिहिली, त्याला यंत्रे एवढी पळतील हे दिसले नव्हते.

दुसरी अडचण कारभारी बदलल्याची. ऑगस्ट १९९५ मध्ये विंडोज ९५ आली. २००१ साली विंडोज एक्सपी आली आणि घरोघरच्या संगणकांवर कडक शिस्तीचा कारभारी बसला. त्याचा नियम असा, की कोणत्याही आज्ञावलीने परस्पर यंत्राला हात लावायचा नाही. जे हवे ते माझ्याकडे मागा, मी देईन. यात कारभाऱ्याला दोष देता येणार नाही. डॉसच्या काळी एक आज्ञावली बिघडली, की सगळा संगणकच ठप्प होई. शिस्तीने ते थांबले. पण जुन्या खेळाला मागण्याची सवयच नव्हती. तो सरळ आत शिरायचा, आणि दारातच अडवला जाऊ लागला. पुढे ६४ बिटांची विंडोज आली, तिच्यात तर १६ बिटांच्या जुन्या आज्ञावल्या चालवण्याची सोयच ठेवली नाही. २०२१ साली आलेली विंडोज ११ ही फक्त ६४ बिटांचीच आहे. तेव्हा डॉसचा खेळ तिच्यावर थेट चालणे नाही.

मग उपाय काय? आजवर माणसांनी चार वाटा चोखाळल्या आहेत.

पहिली वाट म्हणजे जुने यंत्रच जपून ठेवणे. अमेरिकेत एमआयटी या संस्थेत १९६२ साली स्टीव्ह रसेल आणि त्याच्या सोबत्यांनी 'स्पेसवॉर' नावाचा खेळ तयार केला. तो पीडीपी-१ नावाच्या कपाटाएवढ्या संगणकावर चाले. असे संगणक एकंदर ५३ च बनले. त्यांपैकी एक कॅलिफोर्नियातील संगणक इतिहासाच्या संग्रहालयात स्वयंसेवकांनी खटपट करून पुन्हा चालू केला, आणि त्यावर हा खेळ लोकांना दाखवला जाऊ लागला. काम मोलाचे खरे; पण घरोघरी, शाळोशाळी असे यंत्र कोण ठेवणार? सुटे भाग मिळत नाहीत, आणि दुरुस्ती जाणणारी माणसेही म्हातारी होतात.

दुसरी वाट म्हणजे नव्या कारभाऱ्यानेच जुन्या पाहुण्याला सांभाळून घेणे. विंडोज बनवणाऱ्या मायक्रोसॉफ्ट कंपनीने हे पुष्कळ केले. त्यातली 'सिमसिटी'ची गोष्ट जोएल स्पोल्स्की या लेखकाने २००४ साली सांगितली आहे. सिमसिटी हा नगर वसवण्याचा खेळ, १९८९ सालचा. या खेळात एक खोट होती. कारभाऱ्याकडून घेतलेली स्मृतीची जागा तो परत करी, आणि परत केल्यावरही वापरत राही. म्हणजे भाडेकरूने खोली सोडल्याचे सांगावे, किल्ली द्यावी, आणि मागच्या दाराने येऊन आपल्या ट्रंकेतून कपडे काढावेत, तसे. जुन्या कारभारात ती खोली लगेच दुसऱ्याला जात नसे, म्हणून खपून गेले. विंडोज ९५ मध्ये ते खपेना. आता चूक खेळाची होती. पण तो विकत घेणारा माणूस म्हणणार, "काल चालत होते, नवी विंडोज घातली आणि बंद पडले!" तेव्हा विंडोजच्या कारागिरांनी आपल्याच कारभारात एक टीप घातली: पाहुणा सिमसिटी असेल, तर त्याने सोडलेली खोली लगेच दुसऱ्याला देऊ नका. एका खेळासाठी साऱ्या वाड्याच्या रिवाजात एक अपवाद!

पण या वाटेलाही अंत आहे. विंडोज एक्सपीबरोबर 'पिनबॉल' नावाचा खेळ येत असे. उतरत्या फळीवर चेंडू टोलवत राहायचा, असा तो खेळ. ज्यांनी त्या काळी संगणक हाताळला, त्यांतल्या पुष्कळांनी तो खेळला असेल. पुढच्या विंडोज व्हिस्टातून तो गेला. का गेला, ते मायक्रोसॉफ्टमधील रेमंड चेन यांनी २०१२ साली लिहिले. ६४ बिटांसाठी खेळ तयार करताना एक दोष निघाला. चेंडू भुतासारखा प्रत्येक वस्तूच्या आरपार जाई आणि फळीच्या खाली निघून जाई. हा खेळ बाहेरच्या एका कंपनीने पूर्वी लिहिलेला. आज्ञावलीत कोणता भाग काय करतो आणि का करतो, याची टिपणे जवळजवळ नव्हती. चेंडू कशाला लागला हे ठरवणारा भाग नेमका कोणता, तेच त्यांना उलगडेना. त्यांच्यापुढे इतर कामांचा डोंगर होता. शेवटी खेळच काढून टाकला. मंडळी, हा खेळ तबकडी खराब झाल्याने गेला नाही. लिहिणाऱ्याने आपल्या मनातले कागदावर ठेवले नव्हते, म्हणून गेला. पुढे २०२१ साली एका हौशी माणसाने तयार खेळावरूनच त्याची मूळ आज्ञावली उलट्या वाटेने उकलून काढली, आणि पिनबॉल पुन्हा नव्या यंत्रांवर चालू लागला. पण एक-दोन ओळींच्या टिपणांनी जे झाले असते, त्यासाठी किती खटपट करावी लागली पाहा.

तिसरी वाट मला सगळ्यांत मौजेची वाटते. आपल्या गावी बहुरूपी येतो ना? फौजदाराचा पोशाख करतो, तशीच मिशी पिळतो, तशाच दरडावणीने बोलतो, आणि नवखा माणूस खरोखरच घाबरतो. संगणकालाही असे सोंग घेता येते. नवा संगणक आपल्या पोटात जुन्या संगणकाचे सोंग उभे करतो. या सोंगाला एम्युलेटर म्हणतात. जुना खेळ त्या सोंगाशी बोलतो, आणि समोर डॉसचेच यंत्र आहे असे समजून बिनघोर चालतो.

ही युक्ती आजची नव्हे. आयबीएम कंपनीने १९६४ साली सिस्टिम ३६० हे नवे संगणक जाहीर केले, तेव्हा गिऱ्हाइकांपुढे प्रश्न होता, की आमच्या जुन्या १४०१ संगणकावरच्या पगारपत्रकांच्या आणि खातेवह्यांच्या आज्ञावल्यांचे काय करायचे? तेव्हा नव्या संगणकांपैकी काहींना १४०१ चे सोंग घेण्याची विद्या दिली गेली. पगारपत्रकासाठी काढलेली ही वाट पुढे खेळांच्या कामी आली. १९९७ साली इटलीच्या निकोला साल्मोरिया याने 'मेम' नावाचा एम्युलेटर काढला. नाणे टाकून खेळायची जी यंत्रे करमणुकीच्या दुकानांत असत, त्यांची सोंगे तो घेतो. २००२ साली पीटर वेन्स्ट्रा आणि शुर्द फान डेर बर्ग या दोघा डच मंडळींनी 'डॉसबॉक्स' लोकांपुढे ठेवला. डॉसबॉक्स जुन्या प्रोसेसरची एकेक आज्ञा वाचतो आणि तिचा परिणाम घडवतो. जुना पडदा, जुने आवाजाचे कार्ड असल्याची बतावणी करतो. शिवाय किती वेगाने चालायचे तेही ठरवून देता येते. म्हणजे मघाच्या ग्रामोफोनच्या फेऱ्या पुन्हा ३३ वर आल्या! हा डॉसबॉक्स कोणालाही फुकट घेता येतो, आणि तो कसा बांधला आहे तेही उघडून पाहता येते. २०१५ साली इंटरनेट आर्काइव्ह या संस्थेने त्याच आधारावर डॉसचे दोन हजारांहून अधिक खेळ घरबसल्या चालवून पाहण्याची सोय केली.

चौथी वाट नाटकमंडळीची. नाटकाची संहिता वेगळी आणि ते करणारी मंडळी वेगळी. एक मंडळी मोडली, तरी संहिता हातात असेल तर दुसरी तेच नाटक उभे करते. लुकासआर्ट्स कंपनीचे गोष्टीरूप खेळ असेच दोन भागांत लिहिलेले होते. चित्रे, संवाद, घटना हा एक भाग, आणि ते पडद्यावर सादर करणारी आज्ञावली हा दुसरा. २००१ साली लुडविग स्ट्रिगेउस आणि व्हिन्सेंट हॅम यांनी 'स्कमव्हीएम' या नावाने सादर करणारा भाग नव्याने लिहायला घेतला. मूळ खेळाच्या तबकडीवरची संहिता त्याला द्यायची, की तो नव्या यंत्रावर प्रयोग लावतो. काही कंपन्यांनी तर स्वतःच मूळ आज्ञावली लोकांच्या हाती दिली. १९९३ चा 'डूम' हा प्रसिद्ध खेळ. त्याची मूळ आज्ञावली कर्त्यांनी १९९७ च्या डिसेंबरात खुली केली, आणि त्यानंतर लोकांनी तो नाना तऱ्हेच्या यंत्रांवर नेला. सिमसिटीचीही मूळ आज्ञावली २००८ साली 'मायक्रोपोलिस' या नावाने खुली झाली.

पण मूळ आज्ञावलीच हरवली तर? 'प्रिन्स ऑफ पर्शिया' हा तळघरात अडकलेल्या तरुणाचा खेळ. जॉर्डन मेकनर या अमेरिकन तरुणाने तो १९८९ साली ॲपल-२ या संगणकासाठी पुरा केला. धावणारी, उडी मारणारी आकृती खरी वाटावी म्हणून त्याने आपल्या धाकट्या भावाला धावायला लावून त्याचे चित्रण केले, आणि त्यावरून एकेक चित्र उतरवले. त्यातच स्मृती भरत आली. नायकाला प्रतिस्पर्धी हवा, पण त्याची चित्रे ठेवायला जागा नाही! तेव्हा नायकाच्याच चित्रांवर एक छोटी गणिती क्रिया करून त्याने त्याची छाया उभी केली, आणि ती छायाच नायकाची वैरी झाली. गोष्टीतला उत्तम प्रसंग टंचाईतून जन्मला. आता अशा खेळाची मूळ आज्ञावली म्हणजे कारागिराची वहीच. ती बरीच वर्षे सापडत नव्हती. २०१२ साली त्याच्या वडिलांना घरातल्या सामानात जुन्या फ्लॉपींची एक पेटी मिळाली. फ्लॉपीवरची चुंबकीय अक्षरे काळाने पुसट होतात. जाणकारांना बोलावून त्या जपून वाचल्या, आणि त्याच वर्षी मेकनरने ती आज्ञावली सर्वांसाठी खुली केली.

एक अडचण मात्र काळाने आणलेली नाही, माणसाने आणलेली आहे. ती म्हणजे कुलपे. नक्कल होऊ नये म्हणून कंपन्यांनी तबकड्यांवर कुलपे घातली. सेफडिस्क नावाचे एक कुलूप संगणकाच्या फार आत शिरून बसे. तेथून चोर आत येण्याचा धोका होता, म्हणून २०१५ च्या विंडोज १० ने त्याला थाराच दिला नाही. झाले! ज्याने दाम मोजून तबकडी घेतली, त्याचाच खेळ चालेना. शिवाय हक्काचा प्रश्न आहेच. कंपनी बुडते, हक्क दुसऱ्याकडे जातो, कधी कोणाकडे गेला तेच समजत नाही. २००८ पासून पोलंडमधील एका कंपनीने 'जीओजी' या नावाने, असे हक्क मिळवून, जुने खेळ नव्या यंत्रांवर चालतील असे करून कुलपाविना विकण्याचा धंदा चालवला. पण सगळ्यांचेच भाग्य असे नसते. २०२३ साली अमेरिकेत व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने पाहणी केली. २०१० पूर्वी तेथे निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आता बाजारात मिळत नाहीत, असे तिच्यात दिसले. ग्रंथालयांनी असे खेळ अभ्यासकांना दूर बसूनही पाहू द्यावेत, ही मागणी २०२४ साली तेथील कॉपीराइट कार्यालयाने नाकारली.

कोणी विचारील, "अहो, पोरांचे खेळ ते! बुडाले तर बुडाले. त्यात एवढे काय?" प्रश्न वाजवी आहे. सगळेच खेळ जपावेत असे मीही म्हणणार नाही. पण हाच रोग खेळांपाशी थांबत नाही. शाळांसाठी फ्लॅश या साधनाने पुष्कळ पाठ बनले होते. हलत्या चित्रांतून पचनसंस्था दाखवणारे, ग्रहणे समजावणारे. २०२० च्या अखेरीस फ्लॅश बंद झाले, आणि चांगले पाठ एका दिवसात मुके झाले. त्यांतले काही पुन्हा बोलते करण्याचे काम 'रफल' नावाच्या एम्युलेटरने केले. म्हणजे खेळ वाचवण्यासाठी हौशी मंडळींनी जी विद्या कमावली, तीच पाठ वाचवण्याच्या कामी आली. उद्या जमिनीच्या नोंदी, गावचा हिशोब, कोणाच्या गाण्याचे ध्वनिमुद्रण, यांच्यावरही हीच पाळी येऊ शकते. आणि ही विद्या कमावणारे बहुतेक लोक बिनपगारी, आपला दिवसाचा उद्योग सांभाळून रात्री काम करणारे होते, हेही विसरून चालणार नाही.

तेव्हा शिक्षक बंधुभगिनींना एवढेच सुचवावेसे वाटते. शाळेच्या कपाटात जुन्या सीडी, फ्लॉपी पडून असतील, तर त्या कायद्याच्या मर्यादेत राहून, वाचता येत आहेत तोवरच दुसरीकडे उतरवून घ्या. त्यावर एक चिठ्ठी लावा, की हे काय आहे, कोणत्या यंत्रावर चालत होते, कोणती विंडोज होती. आणि मुलांना आज्ञावली लिहायला शिकवाल, तेव्हा प्रत्येक भागाशेजारी 'हे असे का केले' हे त्यांच्याकडून साध्या मराठीत लिहवून घ्या. पेशव्यांच्या कारकुनाने तारीख, ठिकाण आणि कोणाकडून कोणाला हे लिहून ठेवले, म्हणून आज त्या कागदाचा अर्थ लावता येतो. पिनबॉल लिहिणाऱ्यांनी तेवढे केले असते, तर त्यांचा चेंडू फळीतून खाली पडला नसता.